हिमालयात जाणाऱ्या गोमंतकीयांसाठी: हिमस्खलनाविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

चतुर्थी सरली की वाळपई, डिचोली, फोंडा, पेडणे येथून आम्हाला येणारे प्रश्न बदलतात. पावसाळ्यात वाघेरी डोंगराची वाट विचारणारी मंडळी आता केदारकंठा, ब्रह्मताल, अन्नपूर्णा बेस कॅम्प अशी नावे घेऊ लागतात आणि त्यांच्या पाठोपाठ त्यांच्या आईवडिलांचे, क्वचित आजीआजोबांचेही प्रश्न येतात. त्यांपैकी पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न येथे एकत्र केले आहेत. एका उत्तरात सांगितलेले दुसरीकडे लागत असेल, तेथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. हिमस्खलन म्हणजे नेमके काय? चोर्ला घाटात दरड कोसळते तसेच का?

कोसळणे तेवढे सारखे आहे, कारण मात्र वेगळे. घाटातील माती पाणी पिऊन जड होते आणि सुटते. डोंगरावरचा बर्फ हिवाळाभर थरावर थर पडून साचतो आणि त्यातील प्रत्येक थराचा स्वभाव निराळा असतो. कडक थंडीत खालच्या एखाद्या थराचे कण साखरेच्या दाण्यांसारखे सुटे होतात, ते एकमेकांना धरत नाहीत. त्यावर वाऱ्याने दाबून बसवलेला घट्ट थर तयार झाला की एक जड लादी सुट्या दाण्यांवर टेकलेली राहते. ती पकड कुठे तरी तुटते, तडा क्षणात उतारभर पसरतो आणि लादी एकसंध सुटून मग तिचे तुकडे होतात. काही सेकंदांत तिचा वेग ताशी १०० किलोमीटरच्या पुढे जाऊ शकतो. माणसांचे सर्वाधिक बळी घेणारा प्रकार हाच. भुसभुशीत बर्फाची घसरण आणि हिमनदीचे कडे तुटून पडणे हे आणखी दोन प्रकार आहेत. कडे तुटण्याविषयी प्रश्न ११ पाहावा.

२. बर्फ तर मऊ असतो. माणूस हातांनी उकरून बाहेर का येऊ शकत नाही?

बर्फ कधीच न पाहिलेल्या माणसाला हा प्रश्न पडणे स्वाभाविक आहे. नुकत्याच पडलेल्या हिमाचे वजन घनमीटरला शंभर किलोच्या आसपास किंवा त्याहूनही कमी असते. कोसळताना तेच हिम दळले जाते, दाबले जाते आणि थांबल्यावर घनमीटरला ३०० ते ५०० किलो भरते. थांबल्यानंतर ते काही क्षणांतच आवळून बसते. स्लॅबचे काँक्रीट ओतून पुरते घट्ट झाले, अशी कल्पना केली तर त्या स्थितीची थोडी जाणीव येईल. अंगावर मीटरभर थर असेल, तर बोटही हलत नाही.

तरीही बहुतेकांचा मृत्यू भाराने किंवा थंडीने होत नाही, तो गुदमरून होतो. उच्छ्वासातील ऊब तोंडासमोरचा बर्फ किंचित वितळवते, तो पुन्हा गोठतो आणि चेहऱ्यावर हवा न जाऊ देणारे कवच तयार होते. पूर्ण गाडल्या गेलेल्या माणसाला पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत बाहेर काढले, तर दहापैकी सुमारे नऊ जण वाचतात. अर्धा तास उलटला की दहापैकी सुमारे तीनच उरतात. या पानावरील बाकी सगळी उत्तरे या दोन आकड्यांशी बांधलेली आहेत.

३. आम्ही शिखर चढणार नाही, फक्त ट्रेक करणार आहोत. तरीही धोका असतो का?

असतो. १७ जानेवारी २०२० रोजी नेपाळमध्ये अन्नपूर्णा बेस कॅम्पच्या वाटेवर देउरालीजवळ हिमस्खलन झाले आणि दक्षिण कोरियाचे चार ट्रेकर व तीन नेपाळी सोबती त्यात गेले. ती वाट चहाच्या टपऱ्यांची आहे आणि गोव्यातूनही लोक त्याच वाटेने जातात. ऑक्टोबर २०१४ मध्ये विशाखापट्टणमला धडकलेल्या हुडहुड चक्रीवादळाचे अवशेष उत्तरेकडे सरकत नेपाळात पोहोचले. तेव्हा ५,४१६ मीटरवरील थोरोंग ला खिंड आणि आजूबाजूच्या भागात हिमवादळ व हिमस्खलनांत चाळीसहून अधिक माणसे दगावली. हवामानाचा प्रकोप बंगालच्या उपसागरातून निघाला आणि हिमालयात पोहोचला, हे किनाऱ्यावर राहणाऱ्या आपल्यासारख्यांनी विशेष ध्यानात ठेवावे.

पायी न चालणारेही यातून सुटत नाहीत. ४ एप्रिल २०२३ रोजी सिक्कीममध्ये गंगटोक ते नाथू ला रस्त्यावर सात पर्यटकांचा मृत्यू झाला. ते गाडीने फिरायला आलेले साधे प्रवासी होते.

दुसऱ्या टोकाला ४ ऑक्टोबर २०२२ ची घटना आहे. उत्तरकाशीच्या नेहरू गिर्यारोहण संस्थेचे प्रशिक्षणार्थी आणि प्रशिक्षक ‘द्रौपदी का डांडा-२’ या शिखराच्या उतारावर असताना हिमाची लादी सुटली. शोधमोहिमेत २७ मृतदेह मिळाले आणि दोघे बेपत्ता राहिले. मृतांमध्ये सविता कंसवाल होत्या, ज्यांनी त्याच वर्षी मे महिन्यात एव्हरेस्ट आणि मकालू ही दोन्ही शिखरे सोळा दिवसांच्या आत सर केली होती. अनुभवाने धोका कमी होतो, पण संपत नाही, हे त्या नावाकडे पाहून कळते.

४. मोठ्याने ओरडल्यास किंवा शीळ घातल्यास बर्फ कोसळतो, हे खरे का?

नाही. माणसाच्या आवाजात लादी सोडवण्याइतकी ताकद नसते. उलट धोक्याच्या वेळी गप्प राहणे घातक ठरते, म्हणून हाक मारावी, शिट्टी वाजवावी.

५. मग ते सुटते कशामुळे?

कमी वेळात भरपूर बर्फ पडणे, वाऱ्याने एका बाजूचा बर्फ उचलून दुसऱ्या बाजूवर रचणे, एकाएकी ऊन तापणे किंवा बर्फावर पाऊस पडणे ही नेहमीची कारणे आहेत. भूकंपही एक कारण आहे. २५ एप्रिल २०१५ च्या नेपाळमधील भूकंपात लांगटांग गाव आणि एव्हरेस्टचा बेस कॅम्प हिमस्खलनाखाली सापडले होते. परंतु जीवघेण्या अपघातांचा अभ्यास असे सांगतो की बहुतेक वेळा लादी सुटण्याचे निमित्त तो बळी स्वतः किंवा त्याच्याच गटातील कोणी तरी असतो. एका माणसाचे पाऊल त्यासाठी पुरते.

वरवर हे भयंकर वाटते, पण मला यात आशा दिसते. ज्या उताराला आपण सोडवतो, त्या उतारावर न जाणे आपल्याच हातात असते.

६. धोक्याचा उतार ओळखायचा कसा?

बहुतेक लाद्या ३० ते ४५ अंशांच्या उतारावर सुटतात. त्याहून सपाट जागी त्या सहसा सुटत नाहीत आणि फार उभ्या कड्यावर बर्फ मुळात साचतच नाही. तीस अंश म्हणजे किती, हे पाहायला हिमालयात जावे लागत नाही. जुन्या घराच्या मंगलोरी कौलांच्या छपराकडे अंगणातून पाहावे. साधारण तेवढ्या किंवा त्याहून थोड्या उभ्या उतारापासून धोक्याची सुरुवात होते. मोबाइलमधील कोन मोजणारे अ‍ॅप चालते, पण डोळ्याला सवय लावणे अधिक उपयोगी.

येथे एक चूक नेहमी होते. आपण ज्या वाटेवर उभे असतो ती सपाट असली म्हणून आपण सुरक्षित आहोत, असे मानले जाते. खरे तर वाटेच्या वर काय आहे, ते पाहायचे असते. देउरालीजवळची वाट दरीच्या तळातून जाते आणि बर्फ येतो तो कितीतरी वरून, वाटेवरून दिसतही नसलेल्या उतारांवरून. त्यामुळे अरुंद घळी, घळीच्या तोंडाशी पसरलेले जुने हिमाचे ढिगारे, एकाच बाजूला झुकलेली किंवा मोडलेली झाडे आणि झाडीमधून सरळ खाली उतरलेला मोकळा पट्टा, या खुणा दिसल्या तर तेथे थांबून फोटो काढू नयेत, जेवायला बसू नये, तंबू तर मुळीच लावू नये. धारेच्या माथ्यावरून वाऱ्याआडच्या बाजूला बर्फाची वळचण लोंबत असेल, तर तिच्या वरूनही जाऊ नये आणि खालूनही.

७. चालताना कोणती लक्षणे दिसली की परत फिरावे?

समोरच्या किंवा शेजारच्या उतारावर आजच कोसळलेला बर्फ दिसणे, हे सर्वांत स्पष्ट लक्षण आहे. पायाखाली ‘धप्प’ असा दबका आवाज येऊन जमीन किंचित बसल्यासारखे वाटले, किंवा पाऊल टाकताच बर्फात तडा पळत गेला, तर खालचा थर तुटतो आहे असे समजावे आणि आल्या वाटेने परतावे. मोठ्या हिमवर्षावानंतरचे पहिले एक-दोन दिवस थांबावे. नेमके त्यानंतरच लख्ख ऊन पडते, आकाश निळेशार होते आणि मुक्कामी अडकलेली मंडळी निघायची घाई करतात.

आपल्याकडे जूनच्या सुरुवातीपासून जुलैअखेरपर्यंत यांत्रिक बोटींची मासेमारी बंद असते. त्या दिवसांत मधूनच उघडीप पडते आणि समुद्र शांत दिसतो, म्हणून रापणकार होडी लोटत नाही, कारण दिसण्यावर जायचे नसते, हे त्याला बापजाद्यांकडून मिळालेले असते. बर्फाविषयी असे काहीच आपल्याला वारशाने मिळालेले नाही, ते प्रत्येकाला मुद्दाम शिकावे लागते. माझा सगळा आग्रह एवढाच आहे.

८. भारतात हिमस्खलनाचे इशारे कोण देते?

चंदीगड येथील ‘डिफेन्स जिओइन्फॉर्मेटिक्स रिसर्च एस्टॅब्लिशमेंट’ ही संरक्षण संशोधन संस्थेची प्रयोगशाळा हे इशारे देते. ‘सासे’ या जुन्या नावाने ओळखली जाणारी संस्था आता तिच्यात विलीन झाली आहे. इशारे जिल्हावार असतात आणि राज्याच्या आपत्ती व्यवस्थापन विभागामार्फत खाली पोहोचतात. निघण्याआधी आणि वाटेत शेवटचे नेटवर्क असेल तेथे ते पाहावेत. हवामान खात्याचा अंदाज वेगळा आणि हा इशारा वेगळा, कारण आकाश स्वच्छ असतानाही उतार धोकादायक राहू शकतो.

इशारा ऐकला जातो की नाही, हा खरा प्रश्न आहे. २८ फेब्रुवारी २०२५ रोजी बद्रीनाथजवळच्या माणा येथे रस्तेबांधणीच्या ५४ कामगारांवर हिमस्खलन कोसळले आणि आठ जण दगावले. चमोली जिल्ह्यासाठी आदल्या संध्याकाळीच इशारा निघाला होता.

९. आमच्यातील एक जण गाडला गेला तर काय करायचे?

मदत मागवायला दोघांनी खाली धावत जाणे, हा पहिला विचार मनात येतो आणि तोच बहुधा चुकीचा असतो. प्रश्न २ मधील पंधरा मिनिटांत हेलिकॉप्टर येत नाही, पथक येत नाही. वाचवू शकतो तो शेजारी उभा असलेला सोबतीच. म्हणून वरून आणखी बर्फ येण्याचा धोका आहे का, हे एकदा पाहून लगेच शोध सुरू करावा. गाडला गेलेला शेवटचा कोठे दिसला, ती जागा नजरेने पक्की धरावी आणि तेथून खालच्या बाजूला हातमोजा, काठी, पिशवी असे काही वर दिसते का, ते पाहावे. सर्वांकडे बीकन, म्हणजे संकेत सोडणारे आणि पकडणारे छोटे यंत्र, असतील, तर शोधणाऱ्यांनी आपले बीकन शोधस्थितीत न्यावे. संकेत सर्वांत प्रबळ मिळेल तेथे प्रोबची लांब काठी खुपसावी आणि ती अंगाला लागली की उपसू नये, तशीच ठेवून खणायला लागावे.

खणणे हाच सर्वांत वेळखाऊ भाग असतो, याची कल्पना कोणालाच नसते. गेल्या डिसेंबरात आम्ही पेडण्यातील केरीच्या किनाऱ्यावर ओहोटीच्या वेळी याचा सराव केला. चालू बीकन प्लॅस्टिकच्या डब्यात घालून तो तांदळाच्या गोणपाटात गुंडाळला आणि ओल्या वाळूत कमरेइतका खोल पुरला. संकेत पकडून जागा नक्की करायला चौघांना तीन मिनिटेही लागली नाहीत. नंतर मात्र ते काठीच्या भोवतीच सरळ खाली खणू लागले, कडा ढासळून खड्डा पुन्हा भरत राहिला आणि अठराव्या मिनिटाला गोणपाटाचे टोक दिसले, तेव्हा कोणी काही बोलले नाही. दुसऱ्या खेपेस त्यांना उताराच्या खालच्या बाजूने, काठीपासून थोडे मागे सरून आडवे खणत आत शिरायला सांगितले. पुढचा खणेल, मागचा वाळू मागे ओढेल आणि दर मिनिटाला पुढचा बदलेल, अशी रांग लावली. तेव्हा नऊ मिनिटे लागली. वाळू बर्फाहून जड असते, हे खरे. पण हाताला ती रीत घरीच बसावी, यासाठी आपल्या किनाऱ्यासारखी दुसरी जागा नाही. कासवांच्या घरट्यांचे किनारे तेवढे टाळावेत.

चेहरा मोकळा होताच तोंडातील बर्फ काढावा. श्वास नसेल, तर आधी कृत्रिम श्वास द्यावा आणि मग छातीदाब सुरू करावा, कारण येथे हृदय बहुधा हवेअभावी थांबलेले असते. गारठलेला, नाडी न लागणारा माणूस मृत आहे, हा निर्णय आपण घेऊ नये, तो डॉक्टरांवर सोडावा.

१०. मीच त्यात सापडलो तर?

ओरडून इतरांचे लक्ष वेधावे आणि लादी वेग घेण्याआधी बाजूला निसटता आले, तर निसटावे. काठ्यांचे पट्टे मनगटात अडकवलेले नसावेत, म्हणजे त्या सोडून देता येतात. वेग मंदावत असल्याचे जाणवताच एक हात तोंडासमोर आणून श्वासापुरती पोकळी धरून ठेवावी आणि जमल्यास दुसरा हात वर ताणावा. बर्फ थांबल्यानंतर यातले काहीच करता येत नाही.

११. उन्हाळ्यात गेलो तर हा प्रश्न उरत नाही ना?

लादीचा धोका बराच कमी होतो, परंतु हिमनदीचे लोंबते कडे उन्हाळ्यातही तुटतात आणि त्याआधी कोणतेही लक्षण दिसेलच असे नाही. ३ जुलै २०२२ रोजी इटलीतील मार्मोलाडा पर्वतावर उन्हाच्या तडाख्यात असाच कडा तुटून अकरा जणांचा मृत्यू झाला. अशा कड्याखालून जावेच लागले, तर पहाटे आणि न थांबता जावे.

जूनमध्ये होणारा प्रत्येक मृत्यू हिमस्खलनाचा नसतो, हेही सांगायला हवे. जून २०२४ मध्ये उत्तराखंडातील सहस्रताल मार्गावर शेजारच्या कर्नाटकातील नऊ ट्रेकर गेले, ते खराब हवामानात अडकून थंडीने.

१२. सियाचीनमध्ये एक जवान सहा दिवसांनी जिवंत सापडला होता. मग पंधरा मिनिटांचा हिशेब कसा?

लान्स नाईक हनुमंतप्पा कोप्पद हे शेजारच्या कर्नाटकातील धारवाड जिल्ह्यातील, म्हणून हा प्रश्न गोव्यातून हमखास येतो. ३ फेब्रुवारी २०१६ रोजी ते नऊ साथीदारांसह गाडले गेले, ८ तारखेला जिवंत सापडले आणि ११ तारखेला दिल्लीच्या रुग्णालयात त्यांचे निधन झाले. ते तंबूत होते, त्यामुळे त्यांच्याभोवती हवेची पोकळी राहिली. माणा येथील ५४ पैकी ४६ जण वाचले, त्यांतील बरेच जण लोखंडी कंटेनरमध्ये होते. प्रश्न २ मधील हिशेब उघड्यावर, अंगाला भिडलेल्या बर्फात सापडलेल्यांचा आहे. तंबू, गाडी किंवा घर गाडले गेले असेल, तर दिवस उलटले म्हणून शोध सोडायचा नसतो.

१३. बीकन भाड्याने घ्यावा का? आणि उपग्रहावरून संदेश पाठवणारे यंत्र?

बर्फाळ उतार ओलांडायचे असतील, तर बीकन, प्रोब आणि फावडे ही तिन्ही प्रत्येकाकडे हवीत. तिघांत एक संच असून भागत नाही, कारण ज्याच्याकडे तो आहे तोच गाडला जाऊ शकतो. सर्व बीकन ४५७ किलोहर्ट्झवर चालतात, त्यामुळे वेगवेगळ्या कंपन्यांचे एकत्र वापरता येतात. मोबाइल त्याच्यापासून दूर ठेवावा.

उपग्रहावर चालणारा फोन किंवा संदेशयंत्र मात्र दूरसंचार विभागाच्या परवान्याविना भारतात बाळगता येत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये गोव्याच्याच विमानतळावर एका परदेशी धावपटूला असे यंत्र सोबत असल्याने अडवण्यात आले होते. परदेशातून आणलेले यंत्र पिशवीत टाकून उत्तराखंडला निघू नये.

१४. ट्रेक नेणाऱ्या कंपनीने ‘शंभर टक्के सुरक्षित’ असे लिहून दिले आहे. पुरेसे आहे का?

नाही. गेल्या वर्षांत कोणत्या दिवशी, कोणत्या जागेवरून आणि कशामुळे गट परत फिरवला, हे त्यांना विचारावे. ज्यांना असा एकही दिवस आठवत नाही, त्यांच्याबरोबर मी माझ्या घरच्या माणसाला पाठवणार नाही. परत फिरल्यास पैशांचे काय, हेही आधीच लेखी घ्यावे, कारण बुडणाऱ्या पैशांची भीती माणसाला नको त्या उतारावर ढकलते. माझ्या पहिल्या हिवाळी ट्रेकवर वाटाड्या ‘थांबू या’ म्हणत असताना आम्ही आठ जणांनी परतीच्या विमानाची तिकिटे दाखवून त्याला निघायला लावले होते. काही झाले नाही, तरीही ती सकाळ मला आजही बोचते.

१५. विमा मिळतो का?

मिळतो, पण साध्या प्रवासविम्यात गिर्यारोहण बहुधा वगळलेले असते. किती मीटरपर्यंत संरक्षण आहे आणि हेलिकॉप्टरचा खर्च त्यात धरला आहे का, ही दोन वाक्ये पॉलिसीत बोट ठेवून वाचावीत.

१६. माझ्याकडे पोर्तुगीज पासपोर्ट आणि ओसीआय (भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकाचे) कार्ड आहे. मला वेगळे नियम लागू होतात का?

होतात, आणि गोव्यातील अनेक गटांत हे ऐनवेळी ध्यानात येते. संरक्षित आणि प्रतिबंधित क्षेत्रांसाठी ओसीआयधारकाला वेगळा परवाना लागतो. नाथू ला येथे परदेशी नागरिकांना प्रवेशच नाही. नेपाळमध्ये अपघात झाल्यास आपली कागदपत्रे भारतीय दूतावासाच्या नव्हे, तर पोर्तुगालच्या दूतावासाच्या अखत्यारीत येतात, म्हणून त्याचा क्रमांक घरी लिहून ठेवावा.

१७. मुलगा ट्रेकवर आहे, टीव्हीवर बातमी आली आणि फोन लागत नाही. आम्ही काय करावे?

प्रथम हे जाणावे की डोंगरात दोन-तीन दिवस फोन न लागणे नेहमीचे असते. डिचोलीच्या एका घरात मी पाहिले होते की मुलाने निघण्यापूर्वी आईला एक कागद लिहून दिला होता आणि तिने तो देवघराशेजारी, कॅलेंडरच्या खिळ्याला अडकवला होता: कोणत्या रात्री कोणता मुक्काम, कंपनीच्या दोन माणसांचे क्रमांक, परवान्याची प्रत, विम्याचा क्रमांक, जॅकेटचा रंग. बातमी आली तेव्हा तिने तो कागद उतरवला आणि मुलगा त्या दिवशी दुसऱ्याच दरीत आहे, हे तिला दोन मिनिटांत कळले.

तसा कागद नसेल, तर आधी कंपनी आणि त्या जिल्ह्याचा आपत्ती नियंत्रण कक्ष गाठावा, नेपाळ असेल तर काठमांडूचा भारतीय दूतावास. घरातील एकानेच फोन करावेत. व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणाऱ्या नावांच्या याद्या पुढे पाठवू नयेत.

१८. मृतदेह सापडलाच नाही, तर कायद्याने काय होते?

हा प्रश्न विचारायला माणसे फार कचरतात, म्हणून स्पष्ट उत्तर देतो. बेपत्ता माणसाचा सात वर्षे काहीच मागमूस नसेल, तर तो मृत असल्याचे कायदा सर्वसाधारणपणे गृहीत धरतो. अपघाताचा ठोस पुरावा असेल, तर त्याआधीही दाद मागता येते. गोव्यात वारसाहक्क आणि इन्व्हेंटरीची (मृताच्या मालमत्तेची यादी व वाटणी) कार्यवाही राज्याच्या स्वतंत्र कायद्याने चालते, त्यामुळे बाहेरच्या राज्यातील सल्ल्यावर विसंबू नये आणि येथील वकिलालाच भेटावे. बेपत्ता झाल्याची नोंद घटनास्थळाच्या पोलिसांकडे झाली आहे, याची खात्री करून तिची प्रत मात्र लगेच घ्यावी.

शोध थांबवल्याचे कळवले गेले, तरी त्या जिल्ह्याशी किंवा दूतावासाशी संपर्क सोडू नये. देउरालीजवळ जानेवारीत गेलेल्यांचे मृतदेह पुढे बर्फ वितळू लागल्यावर, काही महिन्यांनी हाती आले.